पिंगळीचं फाटक आणि माझं कुलूप

आम्ही तिघं जमलो की किस्से निघतात, चहा गार होतो, आणि प्रत्येक किश्शात शेवटी गजाननच भाव खाऊन जातो. हेच माझं दुखणं आहे!

गजानन पिंगळीचा, टीव्ही दुरुस्त करतो. शबाना मॅडम परभणीत कॉम्प्युटर क्लास घेतात. माझं कापडाचं दुकान. लहानपणीच्या टीव्हीगेमसाठी आम्ही घरीच नवे गेम बनवतो, कॅसेटमध्ये भरतो आणि कॉपी होऊ नये म्हणून आत कुलूप घालतो. पण कॅसेट खराब झाली की गेम कायमचा गेला! म्हणून एकमेकांची कुलपं तोडून कॉपी जपून ठेवायची, हाही आमचाच उद्योग. ज्याचं कुलूप तुटलं, त्यानं भजे खाऊ घालायचे.

*

गजाननचा गेम पिंगळीच्या रेल्वे फाटकाचा. शेळ्या हाकत रूळ ओलांडायचे. मॅडमनी कॉपी काढून खेळून पाहिली, तर फाटक उघडेचना! तेच गजाननचं कुलूप होतं. मॅडम मात्र पाऊण तास फाटक उघडायची वाट बघत बसल्या. नंतर म्हणाल्या,

"मला वाटलं, पिंगळीचं फाटक हाय, टाइम लागणारच!"

*

ते कुलूप मॅडमनी तोडलं. गजाननने दुसरं घातलं, ते मी तोडलं. भजे खाऊ घालताना तो असा खुशीत हसायचा, की मला ते गोडच लागायचे नाहीत. हरतोय तो, आणि जळतोय मी!

*

माझा गेम चारठाण्याच्या देवळाचा. दिवा विझू न देता गाभाऱ्यात न्यायचा आणि पहिल्या दहांच्या यादीत नाव लिहायचं. "माझं कुलूप कुणाच्या बापाला तुटत नाही," असं मी सांगत फिरायचो. खरं तर कुणी हातच लावत नव्हतं. शेवटी मीच ते ढिलं केलं आणि तोडून बघा, असं मॅडमना सुचवून पाहिलं. त्या म्हणाल्या,

"राहू द्या ना सर, तुमचा सेफच हाय!"

*

मग उन्हाळ्यात माझी कॅसेट कूलरच्या पाण्यात पडली. मी घाईत पुसून लगेच लावली, चिप जळाली. मूळ प्रोग्रॅम जुन्या लॅपटॉपबरोबर कधीच गेला होता. दोन वर्षांची मेहनत संपली. मी दुकानात तोंड पाडून बसलो होतो, तेवढ्यात गजानन आला आणि त्यानं काउंटरवर एक कॅसेट ठेवली.

"तुझा गेम. पहिल्याच आठवड्यात कॉपी काढली होती."

"मग बोलला का नाहीस?"

"तू गावभर सांगत फिरायलास, तुटत न्हाई म्हणून. कसं बोलू?"

मी गेम लावला. दिवा गाभाऱ्यात नेणाऱ्यांची यादी उघडली. वरपासून खालपर्यंत दहाही नावं गजाननची!

मी भजे सांगितले.