ओकुसान आधी माझ्याकडे आली होती

ओकुसान आधी माझ्याकडे आली होती. हे मी सुरुवातीलाच सांगून टाकते, कारण पुढे ते कुणाच्याच लक्षात राहिलं नाही.

माझा नवरा आणि त्याचा धाकटा भाऊ, दोघंही दुबईत जबल अलीला एका जपानी कंपनीच्या गोदामात कामाला होते. आधी नवरा लागला, मग त्याने भावाला बोलावून घेतलं. अजमानला एकाच इमारतीत आम्ही खाली आणि ते वर, असे राहायचो. कंपनीच्या जपानी साहेबांची बायको म्हणजे ओकुसान. त्या शब्दाचा अर्थ 'घरची बाई' असा काहीतरी. सगळे तिला तेच म्हणायचे, म्हणून मीही म्हणायचे.

कंपनीची पिकनिक होती, खोरफक्कानच्या समुद्रावर. बाकीच्या बायका कबाबच्या शेगडीभोवती उभ्या होत्या. मी शाकाहारी, म्हणून लांब चटई टाकून बसले होते. ओकुसान आपणहून आली, चप्पल काढून माझ्या चटईवर बसली आणि माझ्या डब्यात डोकावली. साबुदाण्याची खिचडी होती. तिने एक घास खाल्ला, डोळे मोठे केले आणि बोटाने दाखवत काहीतरी विचारलं. साबुदाण्याला इंग्रजीत काय म्हणतात ते मला सुचेना, म्हणून मी जावेला हाक मारली.

माझी जाऊ शारजात वाढलेली. तिचं इंग्रजी पाण्यासारखं, हिंदी फर्डं, दुकानदाराशी चार वाक्यं अरबीही बोलायची. गाडी स्वतः चालवायची. ती आली, बसली, आणि थोड्या वेळाने पाहते तर दोघी हसतायत आणि मी डबा आवरतेय. पुढच्या आठवड्यात ओकुसानने तिला दुबईच्या घरी चहाला बोलावलं. मग दर आठवड्याला. बघता बघता जाऊ जपानी बोलायला लागली.

"ताई, तुम्हीपण चला ना एकदा," ती म्हणायची.

"मला घरात काय कमी कामं आहेत?" मी म्हणायचे. खरं तर ओकुसानने मला वेगळं बोलवावं, असं मला वाटत होतं. तिने बोलावलं नाही.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. साहेब निवृत्त होऊन जपानला परत गेले. त्यानंतरच्या जानेवारीत कंपनीने दोन्ही भावांना नागोयाला ट्रेनिंगसाठी पाठवलं, आणि साहेबांनी निरोप दिला की बायकांनाही आणा, सुट्टीच्या दिवशी आमच्या डोंगरातली गावं दाखवतो. निरोप आला तो जावेच्या फोनवर.

साहेबांचं गाव नागोयापासून आगगाडीने बरंच वर होतं. आदल्या दिवशी आम्ही त्यांच्या घरी मुक्काम केला. सकाळी साहेबांना ताप होता, म्हणून ते घरीच थांबले. फक्त आमच्यासाठी एक लांबलचक गाडी ठरवली होती. ड्रायव्हर पांढरे हातमोजे घातलेला, टायरना साखळ्या. आम्ही चौघं आणि ओकुसान.

"ताई, मी पुढे बसते हं, मला मागे मळमळतं," जाऊ म्हणाली.

पूर्वी फुजैराच्या घाटात ती स्वतः गाडी चालवत गेली होती, तेव्हा हिला काही मळमळलं नव्हतं. मी मागे बसले. ती आणि ड्रायव्हर बोलत राहिले. ड्रायव्हर हसला की ओकुसान हसायची, मग दीर हसायचा, त्यालाही तिने थोडं शिकवलं होतं. माझा नवरा न कळताही हसायचा. एकेक बोगदा ओलांडला की बाहेरचं बर्फ वाढलेलं दिसायचं. शेवटच्या बोगद्यानंतर रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गाडीपेक्षा उंच भिंती होत्या, नुसत्या बर्फाच्या.

इतकी वर्षं वाळू बघून डोळे रापलेले. त्या पांढऱ्याकडे बघून मला रडू यायला लागलं होतं, आणि तेवढ्यात जाऊ मागे वळून म्हणाली, "ताई, ड्रायव्हरकाका विचारतायत, थंडी वाजत नाही ना? हीटर वाढवायला सांगू?"

"नको," मी म्हणाले. माझं रडू तिथेच आटलं.

पहिलं गाव आम्ही टेकडीवरून पाहिलं, तिथे फोटोंसाठी गर्दी होती. ओकुसानच्या ओळखीचं घर दुसऱ्या गावात होतं. अगदी लहान गाव, पाच-पंचवीस घरं, आणि सगळ्यांची छपरं गवताची. हात जोडल्यासारखी उभी, उंच छपरं. त्यावर हातभर बर्फ. दोन घरांच्या मधून पाट वाहत होता आणि लोक फावड्याने बर्फ त्यात ढकलत होते.

मी थांबून बघत राहिले. मी कोकणात, घाटाखालच्या एका वाडीत, गवताच्या घरात वाढले. पावसाळ्याआधी घर शाकारायचं म्हणजे सगळी वाडी यायची. एका दिवसात जुनं गवत खाली, नवं वर. लग्न ठरताना सासरी 'कौलारू घर आहे' असं सांगितलं होतं आणि आखातात तर मी त्या घराचा विषयच कधी काढला नव्हता. इथे त्याच गवताचे फोटो काढायला लोक कुठून कुठून आले होते.

घरमालक म्हातारे गृहस्थ होते. आत जमिनीतच चौकोनी चूल होती, तिच्यात निखारे, वर छतापासून टांगलेली किटली. आम्ही चुलीभोवती बसलो. जेवायला भात, लोणचं, टोफू आणि वाळक्या पानावर भाजलेलं काहीतरी खारट-गोड आलं. बाकीच्यांना काडीला खोचून भाजलेला नदीचा मासा होता. माझ्या ताटात नव्हता.

"मी आधीच फोन करून सांगितलं होतं, ताईंना मासा चालत नाही म्हणून," जाऊ म्हणाली.

नवरा म्हणाला, "बघ, किती काळजी घेते तुझी."

 तिने माझी आठवण ठेवली याचा राग यावा, असं कुठलंच कारण नव्हतं. तरी आला.

म्हातारबाबा छपराबद्दल सांगत होते आणि जाऊ आमच्यासाठी मराठी करत होती. "ते म्हणतायत, एकही खिळा नाही. सगळं रोपने आणि, आणि, त्या कसल्यातरी ब्रँचेसने बांधलंय."

"ओल्या फांद्या असतील," मी म्हणाले. "पिळून गुंडाळायच्या. वाळल्या की आवळतात."

तिने माझ्याकडे पाहिलं, मग बाबांना ते सांगितलं. बाबा एकदम माझ्याकडे वळले. चुलीशेजारी सुतळीचा तुकडा पडला होता, तो त्यांनी माझ्यापुढे धरला. मी चुलीजवळचे निखाऱ्यांचे दोन चिमटे घेतले, आडवे-उभे ठेवले आणि माझे वडील वासा बांधायचे तशी गाठ मारली. बाबांनी ती ओढून पाहिली, सोडली आणि त्यांची स्वतःची मारून दाखवली. शेवटचा वेढा सोडला तर तीच. ते जोरात काहीतरी म्हणाले आणि उठून मला हाताने 'वर चला' अशी खूण केली.

"ते तुम्हाला माळा दाखवतायत ताई," जाऊ म्हणाली. "सगळ्यांना नाही दाखवत म्हणे."

"तूही जा," ओकुसान तिला इंग्रजीत म्हणाली.

"नो, नो. तो जिना फार उभा आहे," जाऊ म्हणाली आणि चुलीशी बसून राहिली.

मी गेले. साडीवर कोट, पायांत दोन-दोन मोजे, तरी झरझर चढले. माळ्यावर पूर्वी रेशमाचे किडे पाळायचे, त्याच्या चौकटी अजून होत्या. धुराने काळे झालेले वासे आणि त्यांच्यावर पिळलेल्या फांद्यांचे बंध. बाबा एकेक बंधावर हात ठेवत, मीही ठेवत असे. आम्हाला एकमेकांचा एक शब्द कळत नव्हता. ते जपानीत बोलत, मी मराठीत. "हा नवीन दिसतो," मी म्हणाले, आणि त्यांनी मान डोलावली. त्या सगळ्या प्रवासात मला कुणाच्या मदतीची गरज नव्हती अशी ती पहिलीच वेळ. मनात आलं, आता बस म्हणावं खाली.

माळ्याची जमीन बांबूच्या पट्ट्यांची, फटी-फटींची होती, चुलीचा धूर वर यावा म्हणून. मी त्या फटीतून खाली पाहिलं. जाऊ कशी एकटी बसली आहे ते बघायचं होतं.

ती एकटी नव्हती. ओकुसान तिच्याजवळ सरकली होती. दिराने स्वतःचा मफलर काढून तिच्या गुडघ्यांवर टाकला होता. ओकुसानने तिच्या पोटावर अलगद हात ठेवला आणि दुसऱ्या हाताने तिचा गाल थोपटला. जाऊ लाजून हसली.

आमच्या लग्नाला तेव्हा अकरा वर्षं झाली होती. त्यातली सात मी डॉक्टरांच्या दवाखान्यांत बाकांवर घालवली होती. मला समजायला वेळ लागला नाही.

बाबा पलीकडे छपरातली गवताची नवी पेंढी दाखवत होते. मी मान हलवत राहिले, पण बघितलं काहीच नाही. माझ्या न झालेल्या मुलाचं नंतर सुचलं. आधी एवढंच वाटलं की हिने ओकुसानला सांगितलं, आणि मला नाही.

परतीच्या वाटेवर ड्रायव्हरने एका टपरीपाशी गाडी थांबवली. पुरुष चहा घ्यायला उतरले, ओकुसानही उतरली. जाऊ मागे येऊन माझ्या शेजारी बसली.

"ताई, तुम्हाला कळलंय ना?"

"काय?"

"तुम्ही वरून बघितलंत. मला दिसलं." ती हातमोज्याची बोटं ओढत होती. "तिसरा चालू आहे. तुम्हाला सांगायचंच होतं. पण कसं सांगू, आय डिडन्ट नो. तुम्हाला वाईट वाटेल म्हणून..."

"मला कशाला वाईट वाटेल? आनंदाची गोष्ट आहे."

"खरंच?"

"खरंच. आधी सांगायचं गं. मी तुला पुढे बसायला उशी दिली असती."

ती रडायला लागली आणि माझ्या खांद्यावर डोकं टेकलं. मी तिच्या पाठीवर हात फिरवला. माझा हात तिच्या पाठीवर होता आणि मनात येत होतं, हिला माझी कीवसुद्धा करता येते. मला वाईट वाटेल म्हणून ही जपून वागली. मळमळीचं कारण लपवलं, जिना टाळला, कुणाला बोलू दिलं नाही. म्हणजे घरात सगळ्यांनी मिळून माझ्याभोवती कुंपण घातलं होतं आणि मी आत बसून ती पुढे का बसली याचा विचार करत होते.

"तुम्हाला माहीत होतं?" नागोयाला हॉटेलात परतल्यावर मी नवऱ्याला विचारलं.

तो वाकून बुटाची नाडी सोडायला लागला. "धाकट्यानं सांगितलं होतं," म्हणाला.

त्याच्याशी मी अजमानला पोचेपर्यंत बोलले नाही.

बाळंतपण भर उन्हाळ्यात आलं. जावेचे वडील निवृत्त होऊन पुण्याला परतले होते आणि तिच्या आईचा नेमका त्याच महिन्यात पाय मोडला. दीर खाली येऊन दारातच उभा राहिला. "वहिनी, आता तुम्हीच."

मी वर राहायला गेले. बाळाला तेल लावलं, उन्हाने तापून उकळतं येणारं नळाचं पाणी बादलीत निववून आंघोळ घातली, जावेला डिंकाचे लाडू, अळिवाची खीर केली. लोक येऊन म्हणायचे, "अशी मोठी जाऊ मिळायला भाग्य लागतं." मी हसायचे. जपानहून ओकुसानचं पार्सल आलं, त्यात बाळासाठी विणलेली टोपी होती, पण वर फक्त जावेचं नाव. तेही मी पाहिलं.

मुलगी होती. ती माझ्याकडेच झोपायची. आईकडे रडायची, मी मांडीवर घेतलं की गप्प. मी काही केलं नव्हतं, माझ्या मांडीचा हलका झोका तिला आवडायचा इतकंच. जाऊ आधी हसायची, "काकूची पोर आहे ही." मग हसेनाशी झाली.

एका दुपारी एसी घरघरत होता. पोर नुकती माझ्या मांडीवर निजली होती. जाऊ स्वयंपाकघरातून आली, ओले हात पुसले आणि म्हणाली, "द्या इकडे."

"आत्ताच डोळा लागलाय. राहू दे."

"ताई, द्या. माझी आहे ती."

तिचा तो आवाज मी कधी ऐकला नव्हता. पण मला तो अनोळखी वाटला नाही. गाडीच्या मागच्या सीटवर बसून मी मनातल्या मनात याच आवाजात बोलत होते. मी मान वर करून पाहिलं. तिचे डोळे भरले होते आणि जबडा घट्ट होता. त्या क्षणी मला तिची कीव आली, आणि खरं सांगायचं तर थोडं बरंही वाटलं.

मी पोर उचलून तिच्या हातात दिली. पोर जागी झाली आणि रडायला लागली. जाऊ तिला घेऊन खोलीभर फिरत राहिली. मी उठून दूध गरम करायला आत गेले.