वामनच्या पायातले बूट

मित्रांनो, आज नांदुऱ्याला वामनकडे जाऊन आलो. साठ वर्षांपूर्वी तो आमच्या कॉलेजच्या फुटबॉल टीमचा फॉरवर्ड होता.

त्या मोसमात आम्ही अनवाणीच खेळलो आणि एकही सामना जिंकलो नाही. शेवटच्या सामन्यात पेनल्टी मिळाली. ती संध्याकाळ मला शाळेतल्या कवितेसारखी पाठ आहे. कप्तान म्हणून मीच वामनला सरांचे बूट घालायला लावले. बूट मोठे होते, चेंडू बाभळीत गेला. सगळ्यांना वाटलं, वामनलाच मिरवायचं होतं. मी गप्प राहिलो.

आज त्याची माफी मागितली.

"आता सांगून काय करतं बे, कप्तान?" तो म्हणाला. "नऊ जण गेले. मरेपर्यंत मले बूटवाला म्हणून चिडवलं. त्यायले काऊन नाही सांगितलं?"

अकरातले आम्ही दोघेच उरलोय. ही कबुली आता कुणाला देऊ?