नाल्यापलीकडची शीळ

पहिली काठी मी मारली. गावात अजूनही विषय निघाला की सांगतात, पुरुषांनी मारलं, बायांच्या अब्रूसाठी मारलं. खोटं आहे ते. पुरुष पोचायच्या आधी माझी काठी त्या माणसाच्या पाठीत बसली होती, आणि मारताना मला बरं वाटलं होतं.

सोनाळ्याच्या वर, सातपुड्याला टेकून आमचं गाव. लग्न होऊन आले तेव्हा मी बारावी झालेली, तोंडानं फटकळ आणि हातानंही. नवरा ट्रकवर, महिन्यातून दोनदा घरी. घरात सासू, भासरे म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ, आणि त्यांची बायको, माझी थोरली जाऊ. तिला मी बाई म्हणते. भासऱ्यांशी बोलायची आमच्यात रीत नाही. धाकट्या सुनेनं डोक्यावरचा पदर ढळू द्यायचा नाही आणि त्यांच्याशी थेट शब्द काढायचा नाही. अगदीच सांगायची वेळ आली तर भिंतीकडे तोंड करून भिंतीला सांगायचं. त्यांनी ऐकलं तर ऐकलं.

मे महिन्यात आम्ही बाया तेंदूपत्ता तोडायला जंगलात जायचो. उजाडायच्या आत निघायचं आणि ऊन चढलं की पानांची गाठोडी घेऊन परत यायचं. अस्वलाच्या भीतीनं प्रत्येकीच्या हाती काठी असायची. गावाचा एक नियम पक्का होता. नाल्यापलीकडचं जंगल दिवस वर येईपर्यंत बायांचं. तिथंच आम्ही आडोशाला बसायचो, तिथंच लुगडी खोचून झुडपांत शिरायचो. त्या वेळी पुरुषानं नाला ओलांडला की त्याच्या मनात काळं आहे असंच धरलं जायचं.

त्या वर्षी हंगामाच्या शेवटी नाल्यापलीकडे शिट्टी वाजायला लागली. दोन सुरांची, मोकळी, ठसठशीत. एक सूर वर आणि एक खाली. पोरीबाळींकडे बघून टारगट मारतात ना, अगदी तशी. आम्ही वाकलो की वाजायची, आरडाओरडा केला की बंद व्हायची. दुसऱ्या दिवशीही त्याच वेळी, त्याच झुडपांतून. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. घरी आले आणि भासरे ओसरीवर असताना भिंतीला मोठ्यानं सांगितलं, "नाल्यावर कोणीतरी शिट्ट्या मारून राह्यलं. घरात माणसं हायेत का नाई?"

तिसऱ्या पहाटे भासरे आणि गावातले चौघे आमच्या मागून आले आणि अलीकडच्या काठाला दबा धरून बसले. जाऊबाई त्या दिवशी अंग दुखतं म्हणून घरीच होती. शिट्टी वाजली. आम्ही बाया अजून अलीकडच्या काठावरच होतो. मी नाला ओलांडून झुडपामागे गेले तर डोकं-तोंड दुपट्ट्यानं गुंडाळलेला एक माणूस पाण्याशी वाकून बाटली भरत होता. मी काही विचारलं नाही. काठी घातली.

"ओ ताई, काय झालं? काऊन मारता?" तो उठता उठता म्हणाला.

"शिट्टी मारतं? बायांवर शिट्टी मारतं बे?" मी दुसरी घातली. तेवढ्यात पुरुष आले. त्याला पाडलं, लाथा घातल्या. एकानं केस धरून तोंड खडकावर आपटलं. तो ओरडत होता, "पाखरू होय ते! पाखरू वाजून राह्यलं!" यावर सगळे हसले. हसत हसत मारत होते. परगावचा दिसत होता, म्हणून हात सैल सुटले होते. दुपट्टा सुटला आणि रक्तानं माखलेलं तोंड समोर आलं, तेव्हा मारणारे एकदम थांबले. माझ्या जावेचा धाकटा भाऊ होता तो. टेकडीपलीकडच्या गावाहून उन्हाच्या आत बहिणीकडे यायला निघाला होता. पाठीवरच्या पिशवीतले आंबे चेंगरून नाल्यात पडले होते. आमचा बायांचा नियम त्याला माहीतही नव्हता.

वाटलं, आता सुटेल. पण भासऱ्यांना चौघांसमोर सख्ख्या मेव्हण्याची लाज वाटली असावी. त्यांनी त्याला बसता केला आणि कानशिलावर अशा काही ठेवून दिल्या की तो पुन्हा आडवा झाला.

आणि तेव्हा शिट्टी वाजली. पलीकडून, वीसेक पावलांवरून. एक सूर वर, एक खाली.

मी ती स्वच्छ ऐकली. पुरुष शिव्या देण्यात गुंग होते, बाया मागे लांब उभ्या होत्या. मी सगळ्यांत पलीकडे, झुडपाला लागून होते. एक शब्द बोलले असते तर मारणं थांबलं असतं. नंतर मी मनाशी म्हणत राहिले की भासऱ्यांसमोर बोलायची रीत नाही. कसली रीत? दोन मिनिटांपूर्वी त्याच भासऱ्यांसमोर मी उघड्या डोक्यानं ओरडत काठ्या घालत होते. बोलले नाही, कारण बोलले असते तर चूक माझी ठरली असती. त्यापुढे त्यानं आणखी किती लाथा खाल्ल्या, ते मी उभी राहून पाहिलं.

त्याच्या गावच्या कोणीतरी मोटारसायकलवर घालून त्याला नेलं. घरी भासऱ्यांनी जावेला केसांना धरून माजघरातून ओसरीवर ओढलं. "तुह्या माहेरचं बेणंच असं. रविवारी बजाराच्या जीपमधी बस आन् तोंड काळं कर." सासू मध्ये पडली नाही.  जावेनं कपाळातून येणारं रक्त पदरानं पुसलं आणि पत्र्याची पेटी काढून भरायला लागली. रविवार चार दिवसांवर होता.

मग मी ते पाखरू शोधायला लागले.

आवाज ऐकू यायचा, दिसायचं काही नाही. आधी मला काळ्या कोतवाल पाखराचा संशय आला, कारण तो सगळ्यांच्या आवाजाच्या नकला करतो. पण कोतवाल समोरच्या फांदीवर गप्प बसलेला असताना शिट्टी दुसरीकडून यायची. मग पिवळा हळद्या असेल म्हणून बघितलं. तो शेंड्यावर असतो, त्याचा सूर वेगळा, गोल. दोन सकाळी मी मान मोडेपर्यंत वर बघत होते. चूक तिथंच होती. गाणारं पाखरू वरच असणार, असं आपण धरून चालतो. तिसऱ्या सकाळी थकून करवंदीच्या जाळीशी बसले, तर पाचोळ्यात खसखस झाली. कोंबडी उकरते तसं कोणीतरी पानं उलटत होतं.

मैनेएवढं होतं, शेपूट जवळजवळ नाहीच. पाठ हिरवी, पंखावर निळा चमकता पट्टा, छाती पिवळसर, गळा पांढरा, डोळ्यांवरून काळी पट्टी आणि शेपटीखाली लाल, कुंकवासारखं लाल. टुणटुण उड्या मारत ते एका बुटक्या फांदीवर चढलं, डोकं मागे टाकलं आणि शिट्टी मारली. मी ओठ आवळून तशीच शिट्टी मारली, तर त्यानं मला उत्तर दिलं. लगेच नाल्याच्या वरच्या अंगाला दुसऱ्यानंही दिलं. एवढं सुंदर काही मी तोवर पाहिलं नव्हतं, आणि मला त्याचा गळा दाबावासा वाटला.

पुढे वनरक्षक बाईनं मोबाइलवर फोटो दाखवून त्याचं नाव नवरंग म्हणून सांगितलं. पावसाच्या तोंडावर लांबून इकडे येतात, जाळीत पानाकाड्यांचा गोळा करून घरटं बांधतात आणि थंडी पडायच्या आत जातात. पहाटे आणि दिवस मावळताना ओरडतात, माणसाची चाहूल लागली की गप्प. म्हणजे आम्ही ओरडलो की शिट्टी का थांबायची, तेही कळलं.

पण तेव्हा माझ्याजवळ नाव नव्हतं आणि वेळही नव्हता. शनिवारी सकाळी सासूला सांगितलं तर ती म्हणाली, "आता पाखराचं काई काढू नोको. झालं थे झालं." मी ओसरीवर गेले आणि भिंतीला सांगितलं, "शिट्टी पाखराची होती. ज्याले खात्री करायची असंल त्यानं सांजीच्या नाल्यावर चलावं."

संध्याकाळी भासरे काठी घेऊन माझ्या मागे दहा पावलं अंतर ठेवून आले. मी जाळीशी बसले आणि शिट्टी मारली. पाखरानं उत्तर दिलं. मग ते फांदीवर आलं आणि त्यांच्या डोळ्यांसमोर पुन्हा ओरडलं. मी मागे वळून बघितलं. त्यांचं तोंड आवळलेलं होतं. सशावर फेकतात तशी त्यांनी काठी भिरकावली. पाखरू पाचोळ्यात पडलं, दोनदा फडफडलं आणि संपलं.

घरी येऊन त्यांनी ते पायाला धरून जावेच्या पुढ्यात टाकलं. "हे घे. याच्यापाई झालं सारं. राह्य आता." एवढं बोलून ते हात धुवायला गेले. त्यांच्या हिशेबी न्याय झाला होता.

जाऊ चुलीपुढे बसली होती. तिनं पाखरू उचललं, निळा पंख बोटानं उघडला आणि मिटला. मला वाटलं, आता ती माझ्या गळ्यात पडेल. मी तिचं घर वाचवलं होतं ना. तिनं माझ्याकडे बघितलंही नाही.

"तू त्याच्याजवळ होती," ती म्हणाली. "त्याले मारून राह्यले होते तव्हा हे वाजलं का?"

नाही म्हणणं सोपं होतं. विचारायला दुसरं कोणी नव्हतं.

"वाजलं, बाई," मी म्हणाले. "मले आयकू आलं होतं."

चुलीजवळची लोखंडी फुंकणी तिनं माझ्या तोंडावर घातली. ओठ फाटला, समोरचा दात तुटून हातात आला. सासू ओरडत धावली. मी सासूला हातानं अडवलं. जावेनं आणखी दोनदा मारलं, खांद्यावर आणि मनगटावर, मग फुंकणी टाकून दिली. "उद्या माह्या संगं चाल. त्याच्या तोंडावर सांग."

रविवारी आम्ही जीपची वाट बघितली नाही. टेकडी चढून पायी गेलो. भाऊ अंगणात बाजेवर होता, डोक्याला पट्टी, एक डोळा सुजून बंद. त्याची आई दारात, शेजारच्या चार बाया भिंतीशी. मी बाजेजवळ बसले आणि फक्त त्यालाच ऐकू जाईल अशा बेतानं, खालच्या आवाजात सगळं सांगितलं. पहिली काठी माझी, पाखरू वाजलेलं, मी गप्प राहिलेली.

तो माझ्या फुटलेल्या ओठांकडे बघत होता. सांगून झालं, तेव्हा त्यानं मान वळवून दुसरा कान माझ्याकडे केला आणि पहिल्यावर बोट ठेवलं.

"ताई, त्या मारानंतर या कानानं काईच आयकू येत नाई," तो म्हणाला. "मोठ्यानं सांगा."

मी उभी राहिले आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून, साऱ्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं सांगितलं.