दिवस मावळायच्या आत

खिशात पैसे असले की मामांचा पाय घरात ठरत नसे. मामा म्हणजे माझे सासरे. गाव त्यांना मास्तर म्हणायचं, कारण मिशनच्या शाळेत त्यांनी तीस वर्षं पोरं शिकवली होती आणि पाळक येत नसत त्या रविवारी उपासनाही तेच चालवत. दर महिन्याला पेन्शन आणायला ते नगरला जात. त्या दिवशी हातातली कामं टाकून मी एस.टी.च्या फाट्यावर जाऊन उभी राहायची. सासऱ्यांवरच्या मायेपोटी नव्हे. फाटा ते घर एवढ्या पाव कोसात पेन्शन निम्मी व्हायची, म्हणून. कुणाची म्हैस आजारी असायची, कुणाच्या पोराला पाटी नसायची, आणि ही सगळी माणसं नेमकी त्याच रस्त्यावर कशी उभी असायची ते मला कधी कळलं नाही. मी हात पुढे केला की मामा निमूट पैसे द्यायचे आणि हलकं झाल्यासारखे झपाझप पुढे चालायला लागायचे.

बायबलमध्ये पैशाबद्दल जेवढं लिहिलंय तेवढं प्रार्थनेबद्दलही नसेल, असं ते म्हणायचे. मोजून पाहिलं होतं का, कोण जाणे. पण त्या सगळ्यातून त्यांनी स्वतःसाठी एक गोष्ट उचलली होती, आणि तिने आमचा जीव मेटाकुटीला आणला होता. मजुराची मजुरी दिवस मावळायच्या आत त्याच्या हातात पडली पाहिजे. रात्रभर ती आपल्याकडे ठेवायची नाही, असं शास्त्रात सांगितलंय. आता असं पुष्कळ काही शास्त्रात सांगितलंय आणि आम्ही सगळे ते रविवारी मान हलवून ऐकतो. मामा मात्र ते सोमवारीही लक्षात ठेवायचे.

एकदा दुपारी कल्हईवाला आला. मी पाच भांडी काढून दिली. त्याचं काम झालं तेव्हा माझ्याकडे मोड नव्हती. तो म्हणाला, राहू द्या, पुढच्या फेरीला द्या, आणि भाता उचलून पुढच्या गावाला निघून गेला. उन्हं कलताना मामा घरी आले. चकाकती भांडी पाहून त्यांनी पहिला प्रश्न तोच केला. मी खरं ते सांगितलं. टेकायला बसलेला माणूस तसाच उठला आणि सायकलवर टांग टाकून गेला. पुढची हकीकत आम्हाला त्या कल्हईवाल्यानेच सांगितली. मागून कुणीतरी हाका मारत सायकल पिटाळत येतंय हे पाहून त्याला वाटलं, कल्हई उडाली आणि आता मार बसणार. तो वाट सोडून बाभळीत शिरला. मामांनी त्याला काट्यांतून बाहेर ओढून पैसे दिले.

त्या रात्री मी चिडून म्हणाले, "मामा, तो स्वतःच म्हणाला ना, नंतर द्या म्हणून?"

"तो म्हणाला असेल. त्याच्या घरची चूल म्हणाली का?"

मी भाकरी जरा जास्त जोरात थापली, एवढंच.

माझं वेगळंच चाललं होतं. हे नगरला एका वर्कशॉपमध्ये कामाला होते. एका खोलीत पाच जण राहायचे, आणि शनिवारी रात्री गावी आले की सोमवारी पहाटे परत. लग्नाला चार वर्षं झाली होती, पदरात दीड वर्षाची मुलगी होती, आणि सगळे दिवस मोजले तर मी नवऱ्याबरोबर सहा महिनेही राहिले नसेन. नगरला लागूनच केडगावला एक खोली मिळत होती. मालकाला अनामत हवी होती. म्हणून मी अंडी विकायची, गोधड्या शिवून द्यायची आणि ते पैसे एका डब्यात टाकायची. डबा ज्वारीच्या कणगीत, हात कोपरापर्यंत घातला की लागेल एवढ्या खोल. त्या खोलीचं दार कसं असेल, चूल कुठे मांडायची, हे सगळं माझं ठरलेलं होतं.

मामांना डब्याचा पत्ता होता. त्यांनी त्याला कधी हात लावला नाही, पण नातीला गोष्ट सांगताना नेमकी मान्न्याची सांगायचे. रानात देवाने लोकांना रोजच्यापुरतं खायला दिलं, कुणी उद्यासाठी साठवलं तर त्यात किडे पडले. गोष्ट नातीला आणि नजर माझ्याकडे. मी म्हणायची, मामा, त्या लोकांना अनामत भरायची नव्हती. ते हसायचे, आणि मग उठून अंगणात येरझाऱ्या घालायला लागायचे.

बहात्तर साली पाऊस आलाच नाही. आमच्या बाजूला, पाथर्डीकडच्या त्या माळांवर, तो तसाही पाहुण्यासारखाच यायचा. विहिरींचा तळ दिसायला लागला आणि तीन मैलांवर तलावाचं दुष्काळी काम निघालं. लिहितावाचता माणूस म्हणून मामांना हजेरी घ्यायला नेमलं. साठी उलटलेला माणूस, पण रोज सकाळी हँडलला भाकरी अडकवून सायकलवर निघायचा.

पगार आठवड्याने व्हायचा होता. पहिला आठवडा गेला, दुसरा गेला. साहेब म्हणायचे, कागद वर गेलेत. मामांच्या दृष्टीने तो रोजचा गुन्हा होता, आणि तो त्यांच्या हातून होत होता. संध्याकाळी बायका पाट्या टाकून निघायच्या आणि जाता जाता विचारायच्या, "मास्तर, आज बी न्हाई का?" घरी आल्यावर मामा हे मला सांगायचे. जेवायला बसायचे आणि दोन घास खाऊन उठायचे. रात्रभर अंगणात त्यांच्या वहाणांचा आवाज यायचा. मलाही झोप यायची नाही, आणि मला त्यांचा राग यायचा. सरकारने पगार दिला नाही तर यांनी का जागायचं?

"मागतात त्यांचं एवढं वाटत नाही मला," एकदा ते म्हणाले. "भामाबाई मागत नाहीत."

भामाकाकू म्हणजे गावातल्या बागायतदाराच्या घरची थोरली सून. दारात चार बैल, सोळा एकर जमीन. तिच्या घरचं हळदीकुंकू म्हणजे अख्ख्या गावाचं. विहीर आटली तशी तीही कामावर यायला लागली. पदर नाकापर्यंत ओढून रांगेच्या अगदी टोकाला बसायची, खडी फोडायची आणि कुणाशी न बोलता घरी जायची.

मार्चचा महिना असेल. त्या दिवशी मामा नेहमीपेक्षा लवकर घरी आले. सायकल भिंतीला न टेकवता धरूनच उभे राहिले. पगाराविना तिसरा आठवडा भरत होता. भामाकाकूने त्यांना त्या दिवशी पहिल्यांदा काही विचारलं होतं. कामावर जी सुकडी वाटायचे ती तिथेच खायची असा नियम होता. ती पदरात बांधून घरी नेली तर चालेल का, एवढंच तिने विचारलं होतं. तिच्या सासऱ्यांना लोकांत येऊन खाण्याची लाज वाटत होती.

हे सांगून मामा म्हणाले, "सुमन, डबा दे."

मी ज्वारी पाखडत होते. सूप खाली ठेवलं.

"आपल्या गावच्या अकरा बायका आहेत. पगार झाला की परत येतील पैसे."

"नाही आले तर?"

"नाही आले तर नाही आले."

"मग मी नाही देणार," मी म्हणाले. "मामा, मला माझ्या घरात जायचंय."

लग्न झाल्यापासून मी त्यांना पहिल्यांदाच नाही म्हणत होते. मामांनी सायकल वळवली आणि निघून गेले. मी कणगीजवळ बसून राहिले. ते परत येऊन डबा हिसकावून घेतील असं मला वाटत होतं. एवढ्या वर्षांत त्यांनी कुणाचं काही हिसकावलं नव्हतं, तरी वाटत होतं.

ते परत आले तेव्हा सूर्य टेकडीला टेकला होता. चालत आले होते, चालत म्हणजे जवळजवळ पळतच. धाप लागली होती. सायकल त्यांनी दुकानदाराला विकली होती, आणि अकरा घरं करून आले होते. दाराशी येऊन त्यांनी खिशातून चौपदरी घडी घातलेल्या काही नोटा काढल्या आणि माझ्यासमोर जात्यावर ठेवल्या.

"ही तुझी."

मला कळेना. मी म्हणाले, "माझी कसली?"

"चार वर्षं झाली तुला या घरात राबताना. रोज दिवस मावळतोय, आणि तुला कुणी काही दिलं नाही. मी लोकांच्या मागे धावत राहिलो." मग म्हणाले, "डबा मागायचा मला हक्क नव्हता. ती तुझी मजुरी आहे."

मी त्या नोटा घेतल्या. नको म्हणावं, पाया पडावं, असलं काही सुचलं नाही. घेतल्या आणि घडीसुद्धा न मोडता डब्यात टाकल्या. खोली आता आवाक्यात आली, हाच विचार तेव्हा मनात आला. खोटं कशाला सांगू?

पुढे पगार झाला तेव्हा निम्म्याअधिक बायकांनी पैसे आणून दिले. भामाकाकूने सगळ्यांच्या आधी. ते पैसे मामांच्या खिशात किती वेळ राहिले असतील ते मी सांगायला नको. सायकल मात्र दुकानदाराकडेच राहिली. मामा तीन मैल चालत जायला लागले, तीन मैल चालत यायला लागले. चैत्र गेला, वैशाख तापला. डोक्याला ओला पंचा बांधून ते निघायचे. कामावर पोचेपर्यंत तो वाळून जायचा. ती सायकल परत विकत घेता येईल एवढे पैसे माझ्या डब्यात होते. दुकान आमच्या घरापासून हाकेच्या अंतरावर होतं. मी एकदाही तिकडे गेले नाही. केडगावच्या मालकाला जूनची पहिली तारीख सांगून ठेवली होती.

मेच्या अखेरीला एके दुपारी मामा कामावरून मध्येच परत आले आणि ओट्यावर आडवे झाले. अंग तापलेलं होतं. मी पाणी शिंपडत राहिले. रात्री त्यांनी दोनदा विचारलं, हजेरीचा कागद कुणाकडे दिला? पहाटे हे यायच्या आत ते गेले. डॉक्टर म्हणाले, उष्माघात, या वयात व्हायचंच. मला मात्र ती सायकल दिसते. आज माझं वय मामांच्या तेव्हाच्या वयापेक्षा जास्त आहे, तरी दिसते.

केडगावला आम्ही गेलो, पण दोन महिने उशिरा, आणि अनामतीला पैसे कमी पडले. मालकाने सांभाळून घेतलं. खोलीला खिडकी होती. मी तिथे सुखात राहिले, हेही सांगितलं पाहिजे. मामांची शेवटच्या पाच आठवड्यांची मजुरी अजून यायची आहे. कागद वर गेलेत.

अनामत कमी पडली ती ज्या दिवसामुळे, तो मामांना मूठमाती दिली तो दिवस. जमीन दगडासारखी झाली होती. कबर खणायला कामावरचे दोघे जण बोलावले होते. सकाळपासून कुदळी मारून मारून त्यांनी कशीबशी ती पुरी केली. दुपारनंतर सगळे जमले. सुकडी पदरात नेणारी भामाकाकूही आली आणि कुंपणाशी उभी राहिली. पाळकांनी प्रार्थना केली, गीत झालं, हे रडत होते. मीही रडत होते. तेवढ्यात माझी नजर त्या दोघांवर गेली. लिंबाखाली कुदळी टेकून उभे होते, मान खाली घालून. काही मागत नव्हते. त्यांच्या मागे सूर्य तलावाच्या बांधावर दीड हात उरला होता.

मी मुलीला भामाकाकूच्या कडेवर दिलं आणि धावत सुटले. मागून ह्यांनी हाक मारली. माती द्यायच्या वेळी सून पळून गेली, असं पुढे महिनाभर गावात बोललं जात होतं. कणगीत कोपरापर्यंत हात घातला, डबा काढला. जात्यावर ठेवलेल्या त्या नोटा अजून त्याच चौपदरी घडीत होत्या. त्या घेऊन मी परत धावले.

दोघांतला वयस्कर होता तो मागे सरकला. "ऱ्हाऊ द्या बाई," तो म्हणाला. "मास्तरांनी आमची हजेरी कधी चुकवली न्हाई. त्यांच्या कामाचं काय पैसं घ्यायचं? आन् घ्यायचंच तर उद्या घिऊ."

"उद्या नाही," मी म्हणाले. "दिवस मावळतोय."

त्याने एकदा बांधाकडे पाहिलं आणि हात पुढे केला.