गावकीचा टोप आणि वैशालीची फाईल

आधी चहाचा घोट गिळा. गिळलात? मग सांगतो. मी घातलेला घोळ ऐकताना तोंडात चहा असला, तर समोरच्याचा शर्ट गेलाच म्हणून समजा!

आमच्या शेणव्यात गावकीची भांडी माझ्या ताब्यात असतात. लग्नाकार्याचे मोठे टोप, पराती, झारे. एवढाले टोप प्रत्येकानं घरात ठेवायचे कुठं? म्हणून गावानं एकच संच घेतला नि समाजमंदिरात ठेवला. ज्याच्या घरी कार्य, त्यानं न्यायचा, घासून परत आणायचा. चौदा वर्षं किल्ली माझ्या कमरेला आहे. एक चमचा हरवला नाय! याचा मला जरा माज आहे, कबूल करतो.

पोटापाण्याला शहापुरात माझं पत्रिका-बॅनरचं दुकान. बहीण सुमन दिलीये मुरबाडकडं, म्हसा गावाजवळ. तिच्या प्राजक्ताचं लग्न ठरलं, तशी सुमन म्हणाली, "दादा, पत्रिका म्हशाच्या जत्रेत वाटायच्या. सगळे पाव्हणे तिथंच भेटतात. घरोघर फिरत बसले तर लग्न उरकंल नि मी रस्त्यातच!"

"अगो, मामा बसलाय ना! जत्रेच्या आदल्या दिवशी संध्याकाळी पत्रिका तुझ्या हातात."

तो आदला दिवस उजाडला, नि कॉम्प्युटर चिखलातल्या म्हशीसारखा बसला. उठायचं नाव नाय! म्हटलं, फोटो-अल्बमचा जुना प्रोग्राम काढून टाकू, जरा हलका होईल. काढताना त्यानं इंग्रजीत विचारलं, ही फाईल सामायिक आहे, पण आता कोणाला लागत नसावी, काढू का? इतक्या अदबीनं विचारलं म्हणून मी 'येस' दाबलं. परत विचारलं, परत येस. तेवढ्यात शेजारी 'येस टू ऑल' दिसलं. एवढं सोयीचं बटण कोण सोडतो?

मग पत्रिकेचा प्रोग्राम उघडला. पाटी आली: अमुक तमुक डीएलएल फाईल सापडत नाय, प्रोग्राम चालू होऊ शकत नाय!

समोर वैशालीचं ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान. बाई हुशार. धावत गेलो.

"काका, ह्या फाइली म्हणजे तुमची गावकीची भांडी," ती म्हणाली. "प्रोग्राम दहा, टोप एक. तुमी काय केलं? एका घरचं लग्न उरकलं म्हणून टोप भंगारात घातला. आता दुसऱ्या घरी भात शिजंल कसा?"

"अरे देवा! मग?"

"मी जेवून येते नि नीट लावून देते. तवर दुकान बघा. कशाला हात लावू नका."

हात लावू नका? भांड्यांच्या बाबतीत मला? चौदा वर्षं काय गोट्या खेळलो? ती गेल्यावर मी तिच्याच मशीनमध्ये तीच फाईल नावानिशी शोधून काढली.

आता माझं डोकं बघा. रोज शेकड्यानं फोटो कॉपी करणारा मी, पण इथं हात अडला. कॉपी कशी करायची? गावकीचा टोप एका वेळी दोन घरांत असतो का कधी? नेला की जागा रिकामी दिसली पायजे, म्हणजे परत आणायची आठवण राहते. म्हणून मी इमानदारीत 'कट' केलं! मशीननं विचारलं, नक्की ना? म्हटलं, नक्की रे बाबा, संध्याकाळी परत आणतो.

पेन ड्राइव्ह आणून माझ्याकडं फाईल लावली, तर म्हणतो दुसरी सापडत नाय. म्हणजे टोप आला, झाकण नाय! परत गेलो, झाकण कट केलं. तर तिसरी नाय. आता झारा! तीन खेपा झाल्या नि माझा प्रोग्राम उघडला. मी माझीच पाठ थोपटली.

एवढ्यात रस्त्यापलीकडून वैशालीची किंकाळी. "काकाऽऽ! माझ्या मशीनला कोणी हात लावला?"

तिचा प्रोग्राम बंद. बाकड्यावर तीन बाया फॉर्म घेऊन बसलेल्या, एकीची आजच शेवटची तारीख.

"चोरलं नाय गं, नेलंय! हे बघ, परत आणतो!"

आणलं. तिचं चालू, माझं बंद. सुमनचा फोन, "दादा, पत्रिका?" परत नेलं. माझं चालू, तिचं बंद. बाया ओरडल्या. परत आणलं! नाक्यावरचा रिक्षावाला म्हणाला, "शेठ, रस्त्यात कवायत चाललीय काय?"

शेवटी वैशालीनं पेन ड्राइव्ह हिसकावला. "काका, फाईल घासून परत आणायची नसते! कॉपी केली असती तर दोघांकडं राहिली असती!"

"दोघांकडं? एकच टोप?"

"हो! नि अशा एकेक फाइली उचलून आणायच्याच नाय. बनवणाऱ्याच्या साइटवरून पूर्ण संच घ्यायचा. टोप, झाकण, झारा, सगळं एकदम. एक गोष्ट राहिली तरी भात होत नाय, लक्षात ठेवा!"

तिनं दोन्हीकडं संच बसवला. दहा मिनिटं लागली, बस्स! तेवढ्यात सुमनचा परत फोन आला, तो वैशालीनंच उचलला नि माझा पराक्रम तिखटमीठ लावून सांगितला. पण पत्रिका संध्याकाळी निघाल्या, म्हशात वाटूनही झाल्या. मामाची लाज राहिली. खोटं कशाला बोलू, पहिली पत्रिका हातात घेतली तेव्हा डोळे भरून आले माझे.

मग लग्नाचा दिवस. भाची म्हणून गावानं भांडी मुरबाडकडं न्यायला परवानगी दिली. टेम्पो भरून मी स्वतः घेऊन गेलो. चुलीवर मोठा टोप चढला, तांदूळ पडले, आचारी म्हणाला, "झाकण द्या."

मी टेम्पोत बघितलं. टेम्पोखाली बघितलं. झाकण शेणव्याला, समाजमंदिरात, कुलपात. किल्ली माझ्या कमरेला.

सुमन भर मांडवात कमरेवर हात ठेवून उभी राहिली नि खणखणीत आवाजात म्हणाली, "दादा, झाकण सापडत नाय, भात चालू होऊ शकत नाय!"

अख्खा मांडव हसला. नि या वेळी धावत जायला समोर वैशालीचं दुकानही नव्हतं.