भिंत विंचरणारी आत्या

माझी आत्या भिंत विंचरायची नोकरी करायची. लहानपणी मी हे शाळेत सांगितलं तेव्हा वर्गात असा हशा पिकला की घरी येऊन मी तिच्याशीच भांडले. ती म्हणाली, "हसू दे गं. नळाला पाणी आलं नाही की येतील रडत."

ही भिंत पाणीखात्याच्या तळघरात होती. विटांची नव्हे, जिवंत बुरशीची. केसांहून बारीक पांढऱ्या तंतूंची दाट चादर जमिनीपासून छतापर्यंत वाढलेली, आणि तिचेच धागे शहरातल्या प्रत्येक रस्त्याखाली पाण्याच्या नळांना बिलगून पसरलेले. या बुरशीला लोखंडाचा बारीक कीस खाऊ घालत. नळ कुठे गळू लागला की तिथले तंतू पाणी पिऊन फुगत, त्यांच्यातलं लोखंड हले, आणि तळघरात भिंतीसमोर टांगलेली त्या रस्त्याची चुंबकसुई मान वळवे. वर मुकादमांच्या खोलीत त्या रस्त्याचा दिवा लागे. मुकादम टोळी घेऊन निघत आणि नेमकं तिथेच खणत.

पण तंतू वाढताना आतलं लोखंड कसंही पांगतं आणि सुया धादांत खोटं बोलू लागतात. म्हणून वरवंट्याएवढा चुंबक हातात धरून, तो सुयांपासून जपून लांब ठेवत, सगळी भिंत रोज वरून खाली सावकाश विंचरावी लागे. खात्यानं मध्यंतरी त्यासाठी यंत्र आणलं होतं. त्याच्या थरथरीनं बुरशी पिवळी पडली आणि आत्याला पुन्हा बोलावणं आलं. त्यानंतर काही महिने तिच्याशी बोलायची सोय नव्हती.

अंगावर लोखंडाचा कण घेऊन त्या खोलीत जायचं नाही, असा नियम होता. किल्ल्या, पिना, सगळं दाराबाहेरच्या लाकडी पेटीत. एकदा बडे साहेब पाहणीला आले, तर आत्यानं त्यांचा बकलाचा पट्टाही काढून घेतला. साहेबांनी अख्खी पाहणी एका हातानं विजार धरून केली. ही गोष्ट ती तिखटमीठ लावून सांगायची, आणि दर वेळी विजार थोडी आणखी खाली घसरायची.

रस्त्यांविषयी ती सुनांविषयी बोलावं तसं बोले. बाजाराचा रस्ता कुरकुऱ्या, टेकडीचा रस्ता सोशिक, स्टेशनचा रस्ता एक नंबरचा नाटकी. तिला मूलबाळ नव्हतं. आमचे आतोबा म्हणायचे, "आमच्या घरी मी आणि बुरशी अशी दोघंच. त्यात माझा नंबर दुसरा." ते हे हसतच म्हणत, त्यामुळे आम्हीही हसायचो.

एका सकाळी मुकादमांच्या खोलीतले सगळे दिवे एकदम लागले. सगळे! मुकादमांच्या तोंडचं पाणी पळालं. शहराचे झाडून सगळे नळ फुटले असं समजून त्यांनी दिसेल त्या माणसाच्या हातात कुदळ दिली. बाजाराचा चौक खणला, स्टेशनसमोरचा रस्ता खणला. खाली सगळी माती कोरडी ठणठणीत. तेव्हा मुकादम आत्याच्या नावानं शिव्या घालत तळघरात उतरले.

आत्या जमिनीवर पडली होती. विंचरता विंचरता शुद्ध हरपली होती आणि हातातला चुंबक सुयांच्या खाली घरंगळला होता. प्रत्येक सुई मान वळवून तिच्याकडे बघत होती. फुटलं होतं ते एवढंच.

शुद्धीवर आल्यावर ती पहिलं काय म्हणाली असेल? "आधी ते खड्डे बुजवा."

डॉक्टरांनी आडपडदा ठेवला नाही. हृदयाचे ठोके मध्येच थांबतात. पेसमेकर बसवावा लागेल, तोही याच आठवड्यात. पुढची चक्कर आली तर त्यातून उठण्याची खात्री नाही. आणि पेसमेकर बसवला की चुंबकाच्या जवळ फिरकायचं नाही, त्या खोलीत तर आयुष्यात कधी पाऊल टाकायचं नाही.

"मग नकोच," आत्या म्हणाली.

माझं डोकंच फिरलं. "अगं, मरशील!"

"मरेन तेव्हा मरेन. घरी बसून करू काय? छताकडे बघत बसू?"

मी रडले, भांडले, अबोलाही धरून पाहिला. मुकादम येऊन हात जोडून गेले. ही आपली ढिम्म. आतोबा मात्र चकार शब्द बोलले नाहीत. त्यांचा मला फार राग आला. बायको मरायला निघालीय आणि हा माणूस गप्प कसा, असं वाटायचं.

दोन दिवसांनी दुपारी मी गेले, तर आतोबा खिडकीपाशी मांडीवर आत्याचे सदरे घेऊन बसले होते. आत्याच्या सगळ्या कपड्यांना कापडी बंद असत. नोकरीला लागल्यापासून तिनं धातूचं बटण अंगाला लावलं नव्हतं. आतोबांनी ते बंद कापून टाकले होते आणि हातात सुई घेऊन ते टिचबटणं लावत होते. त्यांना शिवणातलं ओ की ठो कळत नव्हतं. बोटांना चार ठिकाणी टोचलेलं दिसत होतं.

"हे काय चाललंय?" आत्या पलंगावरून ओरडली. "लोखंड आहे ते! मी आत कशी जाणार?"

"जाऊ नकोस," आतोबा म्हणाले. त्यांनी मान वर केली नाही. "तिथे तू पडलीस ते शहरभर कळलं. इथे पडलीस तर मला एकट्यालाच कळेल. मी कुठे खणू?"

त्यांना रडू फुटलं. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं. काय करावं ते न कळून मी पाणी आणायला आत गेले आणि तिथेच उभी राहिले.

बऱ्याच वेळानं मी परत आले तेव्हा आत्या उठून त्यांच्याशेजारी येऊन बसली होती. तिच्या मांडीवर सदरा होता आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

"डॉक्टरांना फोन लाव," ती मला म्हणाली, "उद्या येतो म्हणावं." मग तिनं आतोबांच्या हातातली सुई काढून घेतली. "आणि अहो, दोन्हीकडे खळग्याचाच भाग लावलात की! हे मिटणार कसं?"