वरच्या मजल्यावरची गृहभेट

१२ जानेवारी, गुरुवार. दूध उशिरा आले. शिंप्याकडून उशांचे अभ्रे आणले. साडेअकराला वर काटेवाल्यांकडे त्यांच्या खात्याचे साहेब आले, सव्वाबाराला गेले. भेट चांगली झाली.

असे मी त्या दिवशी लिहिले, आणि तेव्हा मला ते खरेच वाटत होते.

माझ्या वरच्या मजल्यावर बारा वर्षे भाड्याने राहणारे हे गृहस्थ वजनमापे खात्यात निरीक्षक. दुकानोदुकानी जाऊन तराजू तपासायचे, म्हणून गल्लीत ते काटेवाले. त्यांच्या बायकोची दृष्टी तिशीतच गेली. इथे आली तेव्हा सहा महिने ती भिंतीला हात लावून चालत होती. मग घर अंगवळणी पडले. जिना चौदा पायऱ्यांचा, बाथरूमचा उंबरा चार बोटे उंच, खिडकीची खिटी उजवीकडे. नवरा दिवसभर बाहेर असला तरी तिचे काही अडत नसे.

नोव्हेंबरात बदलीचा हुकूम आला. गाव नऊ तासांवर. काटेवाल्यांनी बायकोच्या अंधत्वाचे कारण देऊन न्यायाधिकरणात दाद मागितली. बदली तात्पुरती थांबली आणि खात्याला आदेश झाला, की घरी माणूस पाठवून अडचण खरी आहे का ते पाहा आणि अहवाल द्या.

भेटीच्या आदल्या संध्याकाळी वर बोलणे चढलेले ऐकू आले म्हणून मी गेले. साहेब असेपर्यंत खुर्चीवरून उठू नकोस, अशी काटेवाले बायकोची मनधरणी करत होते.

"म्हणजे आंधळी असून आंधळ्याचं सोंग घेऊ?" ती म्हणाली.

"सोंग नाही गं. नुसती बस."

"घरी माणूस आल्यावर ढिम्म बसून राहू? काकू, तुम्हीच सांगा यांना."

मी तिची बाजू घेतली.

दुसऱ्या दिवशी मीही वर जाऊन बसले. साहेब सभ्य होते. दार तिनेच उघडले. त्या खुर्चीचा पाय डुगडुगतो, इकडे बसा, म्हणाली. चार कप चहा ट्रेमधून आणला, बशीत थेंब नाही. साहेब हसून म्हणाले, "वहिनी, तुम्हाला आमच्यापेक्षा जास्त दिसतं." ती खुलली. काटेवाले मान खाली घालून बसले होते.

गेल्या वर्षी मी तिला भाचीच्या नव्या घरी नेले होते. पाच मिनिटांत दाराच्या चौकटीवर तिचे कपाळ फुटले, आणि परत येईपर्यंत तिने माझा दंड सोडला नाही. हे साहेबांना सांगायला हवे होते, आणि ते मीच. पण विचारल्याशिवाय बोलू नये, हे मिशनच्या शाळेतल्या सिस्टरांनी अंगी बाणवलेले. शिवाय ती इतकी आनंदात असताना तिच्यादेखत कसे सांगायचे?

अहवालात आले, की पत्नी घरातील सर्व कामे कोणाच्याही मदतीशिवाय करते. काटेवाल्यांच्या वकीलबाईंनी परोपरीने सांगितले, की हे ती या एका घरात करते. न्यायाधिकरणाचे म्हणणे पडले, की बदली हा नोकरीचाच भाग आहे, खात्याने अडचण पाहिली आहे, आम्ही त्यात पडणार नाही. अर्ज फेटाळला गेला. मार्चअखेर दोघे गेले.

आज दुपारी काटेवाल्यांचा फोन आला. तिथल्या सरकारी इमारतीत एकासारखी एक दारे आहेत. तिसऱ्याच दिवशी ती व्हरांड्यात पडली, मनगट मोडले. आता ते कामावरून परतेपर्यंत पलंगावरून उतरत नाही. जेवणाचा डबा उशाशी ठेवून जातात. वकीलबाई म्हणतात, नवा अर्ज करा, या वेळी बदली नक्की रद्द होईल. मी म्हटले, मग करा की. त्यांनी फोन तिच्याकडे दिला.

"काकू, पुन्हा कुणीतरी बघायला येणार," ती म्हणाली. "आणि या वेळी मला खरंच उठता येणार नाही. ते बघायला मी कुणाला घरात घेणार नाही."

मी हट्ट सोड म्हणून पुष्कळ समजावले. तिने ऐकून घेतले. मग विचारले, वरच्या खोल्या दिल्या का कुणाला? मी म्हटले, अजून नाही, तुमच्यासाठीच ठेवल्यात.

"देऊन टाका," ती म्हणाली.

१९ एप्रिल, बुधवार. वरच्या बाथरूमचा नळ गळत होता, वायसर बदलून घेतला.